भीमगडच्या रानातले अपंगत्व : कार्ड बेळगावात, पेन्शन खानापुरात आणि वाट पाण्याखाली

जून उजाडला की खानापूर तालुक्याच्या पश्चिम भागातल्या लोकांचे कॅलेंडर बदलते. शहरात पावसाळा म्हणजे छत्री आणि वाहतुकीची कोंडी. गवाळी, पास्टोली, कोंगळा, आमगाव, कृष्णापूर, देगाव, तळेवाडी या भागात पावसाळा म्हणजे चार महिने नाल्याकडे बघत दिवस काढायचे. पाणी उतरले तर बाजार, नाही उतरले तर घर. धडधाकट माणूस कंबरभर पाण्यातून काठी टेकत पलीकडे जातो. पण ज्याचा एक पाय पोलिओने गेला आहे, ज्याला दिसत नाही किंवा ज्याला पक्षाघाताने खाटेला खिळवले आहे, त्याने काय करायचे?

२०२४च्या पावसाळ्यात आमगावातून रुग्णाला खांद्यावरून चालत बाहेर आणावे लागले. ते चित्र राज्यभर गाजले आणि चार दिवस चर्चा झाली. आजारी माणसाची ही वेळ वर्षातून एखाद्या वेळी येते. अपंग माणसाची मात्र प्रत्येक कामाला येते. रेशन, पेन्शन, दाखला, मतदान, मुलाची शाळा, काहीही असो, आधी त्याला रस्त्यापर्यंत कोणी तरी न्यावे लागते.

कायद्याने अशा माणसाला बरेच काही दिले आहे. ते रानातल्या उंबऱ्यापर्यंत कसे पोचते, कुठे अडते आणि घरच्यांनी व गावाने काय करायला हवे, हे समजून घेण्यासारखे आहे.

गाव रानात, कागद शहरात

भीमगड अभयारण्य २०११च्या डिसेंबरमध्ये जाहीर झाले. क्षेत्र सुमारे १९० चौरस किलोमीटर. म्हादईचा उगम याच रानात. गोव्यात हीच नदी मांडवी म्हणून ओळखली जाते. अभयारण्य जाहीर होण्याच्या कितीतरी आधीपासून इथे मराठी बोलणारी गावे आहेत. भात, नाचणा, थोडी जनावरे, रानातला मध आणि शिकेकाई यावर संसार चालतो. राज्यातल्या सर्वाधिक पावसाच्या ठिकाणांत आमगावचे नाव येते.

अभयारण्य झाल्यावर वन्यजीव कायदा लागू झाला. त्यामुळे रस्त्याचे डांबरीकरण, पूल, विजेचे खांब अशा प्रत्येक कामाला वनखात्याच्या परवानग्या लागतात. २००६च्या वनहक्क कायद्यात एक वाट आहे. शाळा, दवाखाना, अंगणवाडी, रस्ता, पाण्याची टाकी अशा १३ सोयींसाठी, प्रत्येकी एक हेक्टरपेक्षा कमी जमीन लागत असेल आणि हेक्टरी ७५पेक्षा जास्त झाडे तुटत नसतील, तर ग्रामसभेच्या शिफारशीवर वनजमीन देता येते. अभयारण्यात मात्र वन्यजीव कायद्याची मंजुरी वेगळी घ्यावी लागते. त्यामुळे साधा साकवसुद्धा फायलीत अडकून पडतो.

यात अपंगांचा विषय असा येतो, की शहरात त्यांच्या सोयीची चर्चा रॅम्प आणि लिफ्टवर होते, इथे ती साकवावर होते. साकवाला एका बाजूने हाताला धरायचा कठडा असला तर काठीवर चालणारा माणूस पावसाळ्यातही एकटा पलीकडे जाऊ शकतो. कठडा नसला तर तोच माणूस चार महिने दुसऱ्याच्या पाठीवर अवलंबून राहतो.

पहिले काम : कार्ड

२०१६चा दिव्यांग हक्क कायदा २०१७च्या एप्रिलपासून लागू आहे. जुन्या कायद्यात सातच प्रकार होते, आता २१ आहेत. अंधत्व, कर्णबधिरता आणि हातापायाचे अपंगत्व तर आहेच. शिवाय स्वमग्नता, बौद्धिक अपंगत्व, मानसिक आजार, सिकलसेल, थॅलेसेमिया, पार्किन्सन हेही आले. बऱ्याच घरांत अजून ‘पाय गेला तरच अपंग’ अशी समजूत आहे. त्यामुळे जन्मापासून मंद असलेल्या पोराचा किंवा वर्षानुवर्षे मानसिक आजाराने घरात बसून राहिलेल्या बाईचा अर्जच कोणी करत नाही.

सगळ्या सवलतींची किल्ली म्हणजे अपंगत्वाचा दाखला आणि यूडीआयडी कार्ड. अर्ज आता केंद्राच्या यूडीआयडी पोर्टलवरूनच करावा लागतो. नंतर ठरलेल्या सरकारी दवाखान्यात तपासणी होते. २०२४च्या सुधारित नियमांनुसार कार्डाचे तीन रंग आहेत. ४० टक्क्यांपेक्षा कमी अपंगत्वाला पांढरे, ४० ते ८० टक्क्यांच्या दरम्यान पिवळे, ८० आणि त्यापुढे निळे. बहुतेक सवलती ४० टक्क्यांपासून सुरू होतात. दाखला देण्यासाठी दवाखान्याला तीन महिन्यांची मुदत आहे. दोन वर्षे अर्ज तसाच पडून राहिला तर तो निष्क्रिय होतो आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करावी लागते. म्हणून अर्जाचा क्रमांक घरात दोन ठिकाणी लिहून ठेवलेला बरा.

कागदावर हे सोपे वाटते. पण पोर्टलवर ओटीपी येतो आणि रानात रेंज नाही. फोन टेकडीवर, अर्ज खानापुरातल्या सेवा केंद्रात, तपासणी बेळगावात. अर्जाला एक खेप, तपासणीला दुसरी, कागद कमी पडला तर तिसरी. माणूस चालू शकत नसेल तर प्रत्येक खेपेला सोबत दोघे. म्हणजे त्या दिवशी घरातल्या दोघांचा रोज बुडाला, वर गाडीभाडे आणि जेवण. पेन्शन अजून सुरू व्हायची आहे आणि खर्च आधीच सुरू.

दोन गोष्टी ठाऊक असल्या तर खेपा वाचतात. एक, अपंग माणूस अल्पवयीन असेल, बौद्धिक अपंगत्व असेल किंवा अपंगत्व फारच गंभीर असेल, तर पालक त्याच्या वतीने अर्ज करू शकतात. फक्त अर्जासाठी त्याला उचलून नेण्याची गरज नाही. दोन, राहत्या जिल्ह्याच्या दवाखान्यातच दाखला मागावा असे नाही. ज्या सरकारी रुग्णालयात उपचार झाले किंवा चालू आहेत, तिथेही मागता येतो. या भागातले बरेच रुग्ण उपचारासाठी गोव्यात जातात, त्यांनी हे लक्षात ठेवावे.

‘दिव्यांग’ की ‘विकलचेतन’?

सीमेवरच्या माणसाला आणखी एक भिंत ओलांडावी लागते, ती शब्दांची. चंदगडात ज्याला ‘दिव्यांग’ म्हणतात, त्याच माणसासाठी खानापूरच्या फलकावर ‘विकलचेतन’ किंवा ‘अंगविकल’ असे कन्नडमध्ये लिहिलेले असते. ज्याला कन्नड वाचता येत नाही, तो योजनेच्या फलकाखाली उभा राहूनसुद्धा योजना विचारतो. हे शब्द घरातल्या शाळकरी मुलांनी तरी ओळखून ठेवावेत.

यूडीआयडी कार्ड देशभर चालते. पेन्शन मात्र राज्याची असते आणि ज्या राज्यात तुम्ही राहता तिथेच मिळते. कर्नाटकात ४० टक्क्यांपासून पुढे दरमहा ८०० रुपये आणि ७५ टक्क्यांच्या वर १,४०० रुपये असे दर आहेत. अर्ज नाडकचेरीत करायचा. महाराष्ट्रात संजय गांधी निराधार योजनेतून दिव्यांगांना मिळणारी रक्कम ऑक्टोबर २०२५पासून २,५०० रुपये झाली आहे. गोव्यात दयानंद सामाजिक सुरक्षा योजना आहे. लेक चंदगडात दिली आणि अपंग आई तिच्याकडे राहायला गेली, तर इकडची पेन्शन आपोआप तिकडे जात नाही. तिथले रहिवासी असल्याचे कागद करून नव्याने अर्ज करावा लागतो. दोन्हीकडे नाव ठेवण्याचा मोह कोणी करू नये. आधार जोडलेले असल्याने ते उघडे पडते.

हिशेबच मांडायचा तर ८०० रुपयांप्रमाणे वर्षाचे ९,६०० रुपये होतात. त्यातले किती रुपये ते काढून आणण्याच्या प्रवासात जातात, हे प्रत्येक घराने एकदा लिहून पाहावे. पोस्टाच्या पेमेंट बँकेची घरपोच सेवा आहे. पोस्टमन गावात येत असेल तर खाते तिथे जोडणे परवडते. रेशनवर ठसा द्यायला जाता येत नसेल तर आपल्या वतीने धान्य उचलायला प्रतिनिधी नेमण्याची सोय आहे. ज्यांची बोटेच नाहीत किंवा ठसे उमटत नाहीत, त्यांना आधार नाकारता येत नाही. अशांसाठी वेगळ्या पद्धतीने नोंदणी करण्याची तरतूद आहे.

तीनचाकी घरी आली, पण फिरणार कुठे?

केंद्राच्या ‘अडिप’ योजनेतून कमी उत्पन्नाच्या घरांना काठी, कुबड्या, श्रवणयंत्र, व्हीलचेअर, तीनचाकी अशी साधने मोफत किंवा अर्ध्या किमतीत मिळतात. शिबिर भरते, फोटो निघतात, साधन गावी येते. पुढे काय होते ते रानात गेल्यावर दिसते. तीनचाकी सायकलीला सपाट आणि रुंद रस्ता लागतो. मुळे वर आलेल्या, उतरणीच्या पायवाटेवर ती दोन हातही पुढे जात नाही. बॅटरीवरच्या गाडीला रोज चार्जिंग लागते आणि विजेचा भरवसा नाही. मग ती गाडी गोठ्यात जाते आणि तिच्यावर पिंजाचे भारे चढतात.

यात लाभार्थ्याचा दोष नाही. शिबिरात मोजमाप माणसाचे होते, त्याच्या वाटेचे होत नाही. म्हणून साधन घेताना घरच्यांनी स्पष्ट सांगावे, की आमची वाट अशी आहे, मध्ये नाला आहे, पायऱ्या दगडाच्या आहेत. अशा ठिकाणी कोपराचा आधार असलेली कुबडी आणि तिच्या टोकाला रुंद रबरी बूच जास्त उपयोगी पडते. ते बूच चिखला-दगडात लवकर झिजते आणि झिजले की कुबडी घसरते. दोन जादा बुचे मागून ठेवावीत.

कृत्रिम पायाचेही तसेच. परदेशी पद्धतीच्या पायाला बूट लागतो आणि त्याने उकिडवे बसता येत नाही. जयपूरच्या सवाई मानसिंह रुग्णालयात १९६८च्या सुमारास रामचंद्र शर्मा या कारागिराने आणि डॉ. प्रमोद करण सेठी यांनी रबराचा पाय घडवला, तो आपल्यासारख्या माणसांचे जगणे बघूनच. त्याने अनवाणी चालता येते, चिखलात उतरता येते, मांडी घालता येते, उकिडवे बसता येते. भातशेती करणाऱ्याला तोच परवडतो.

घरातल्या सोयींना तर सरकारचीही वाट पाहावी लागत नाही. घरापासून न्हाणीपर्यंत आणि न्हाणीपासून संडासापर्यंत कमरेच्या उंचीवर ताणून बांधलेली दोरी अंध माणसाला रात्री-अपरात्री एकट्याने जाऊ देते. उंबऱ्याजवळ भिंतीत ठोकलेला लाकडी दांडा म्हाताऱ्या बाईला उठायला हात देतो. अस्वल आणि गवा फिरणाऱ्या रानात अंगणातला सौर दिवा ही चैन नाही. ज्याला पळता येत नाही, त्याला धोका आधी कळला पाहिजे.

रानानेच दिलेले अपंगत्व

या भागात काहींचे अपंगत्व जन्माचे नसून रानाने दिलेले असते. अस्वलाचा हल्ला बहुतेक वेळा तोंडावर आणि डोक्यावर होतो. माणूस वाचतो, पण डोळा किंवा जबडा जातो. कायमचे अपंगत्व आल्यास वनखात्याकडून भरपाई मिळते आणि दरमहा ठरावीक रक्कमही देण्याची तरतूद आहे. त्यासाठी घटना लगेच जवळच्या वनकार्यालयात लेखी नोंदवावी, जागेचा पंचनामा करून घ्यावा आणि दवाखान्याच्या कागदावर जखम प्राण्याच्या हल्ल्यातली असल्याचे लिहून घ्यावे. मध काढायला आत गेलो होतो हे सांगायची भीती वाटते म्हणून काही जण पडलो, धडपडलो असे सांगून मोकळे होतात. पुढे त्या एका वाक्यावर भरपाई अडते.

पोरांचे काय?

राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात जन्मापासून १८ वर्षांपर्यंतच्या मुलांची तपासणी होते. पथकाने अंगणवाडीत वर्षातून दोनदा आणि शाळेत एकदा जायचे असते. मूल ऐकत नाही, उशिरा बोलते, पाय वाकडा आहे, हे वेळेत कळले तर बरेच काही सुधारते. म्हणून पथक पावसाळ्याच्या आधी गावात यावे, असा आग्रह अंगणवाडी सेविकेमार्फत धरायला हवा.

ठरावीक पातळीच्या अपंग मुलाला ६ ते १८ वर्षे मोफत शिक्षणाचा हक्क आहे. अपंगत्व गंभीर असेल तर घरी शिक्षण मिळण्याची सोय कायद्यात आहे. कर्नाटकात त्यासाठी तालुका पातळीवर समावेशक शिक्षणाचे शिक्षक नेमलेले असतात. या मुलांना शिकवायला घरी येणारा माणूस मराठी बोलणारा असावा, ही मागणी भावनेची नाही. ज्या मुलाला एकच भाषा जेमतेम समजते, त्याला दुसऱ्या भाषेत शिकवून काय हाती लागणार?

मूल १८ वर्षांचे झाले की आणखी एक काम असते. मतिमंदत्व, स्वमग्नता, सेरेब्रल पाल्सी किंवा बहुविकलांगता असलेल्या सज्ञान मुलासाठी १९९९च्या राष्ट्रीय न्यास कायद्यानुसार पालक नेमून घ्यावा लागतो. जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालील स्थानिक समिती तो नेमते. आई-बाप आहेत तोवर हे काम करून घ्यावे. मागून भावाभावांत जमिनीचा वाद निघाला तर सगळ्यात आधी याच मुलाचा वाटा गिळला जातो.

गाव हलणार असेल तर

सध्या या गावांपुढचा सगळ्यात मोठा प्रश्न स्थलांतराचा आहे. तळेवाडीच्या कुटुंबांना रानाबाहेर जाण्यासाठी प्रत्येकी १५ लाख रुपयांचे पॅकेज देण्यात आले. इतर गावांतही चर्चा चालू आहे. जावे की राहावे यावर घराघरांत दोन मते आहेत, आणि दोन्ही मतांना कारणे आहेत. पण या चर्चेत अपंग माणसाचे मत क्वचितच विचारले जाते.

त्याच्यासाठी हा सौदा सरळ नाही. बाहेर रस्ता आहे, दवाखाना जवळ आहे, रेंज आहे. पण जन्मभर पायाखाली असलेली वाट, विहीर, शेजार सुटतो. अंध माणूस आपल्या गावात आंधळा नसतो. त्याला प्रत्येक वळण ठाऊक असते. नव्या वसाहतीत तो पहिल्यापासून आंधळा होतो. शिवाय पैसे घरातल्या कर्त्याच्या नावावर येतात. ते संपले, की ‘याला कोणी सांभाळायचे’ हा प्रश्न उरतोच.

म्हणून एक मुद्दा प्रत्येक घराने नीट समजून घ्यावा. केंद्राच्या व्याघ्र प्रकल्पांतील पुनर्वसनाच्या मार्गदर्शक सूचनांत शारीरिक किंवा मानसिक अपंग व्यक्ती, वय आणि लिंग काहीही असो, स्वतंत्र कुटुंब मानली जाते. ती आई-बापाबरोबर एका छपराखाली राहत असली तरीही. भीमगड हा व्याघ्र प्रकल्प नाही, अभयारण्य आहे. त्यामुळे इथल्या यादीत कुटुंबाची व्याख्या कोणती धरली आहे, हे सही करण्यापूर्वी लेखी विचारले पाहिजे. त्याच्या जोडीला २०१६च्या कायद्याचे ३७वे कलम आहे. सरकारी योजनांतून शेतजमीन आणि घरे देताना अपंगांना ५ टक्के आरक्षण आणि त्यातही अपंग स्त्रियांना प्राधान्य, असे ते सांगते. यादी पक्की झाल्यावर दाखला काढायला धावण्यात अर्थ नाही. कार्ड आधी हातात हवे.

पंचायतीच्या हातात काय आहे?

कर्नाटकात ग्रामपंचायतीने आपल्या निधीतला ५ टक्के वाटा अपंगांसाठी खर्च करायचा असतो. त्यांच्यासाठी वेगळी समन्वय ग्रामसभाही घ्यायची असते. पंचायतीत ग्रामीण पुनर्वसन कार्यकर्ता, म्हणजे सगळे ज्याला ‘व्हीआरडब्ल्यू’ म्हणतात तो, नेमलेला असतो आणि तालुक्यात त्याच्यावर ‘एमआरडब्ल्यू’ असतो. हा कार्यकर्ता स्वतः अपंग असतो, हे चांगलेच आहे. पण त्यालाही याच वाटेने रानातल्या वाड्यांवर जायचे असते, हे विसरून चालत नाही.

ग्रामसभेत मागायच्या गोष्टी फार मोठ्या नाहीत. साकवाला कठडा. मे महिन्यात, पाणी चढण्याच्या आधी, गावातच किंवा रस्त्यालगतच्या मोठ्या गावात तपासणीचे शिबिर. पावसाळ्यात कोणत्या घरात न चालणारे माणूस आहे, याची यादी. कायद्याच्या ८व्या कलमानुसार आपत्तीच्या काळासाठी जिल्ह्यातल्या अपंगांची नोंद ठेवणे हे जिल्हा आपत्ती व्यवस्थापनाचे कामच आहे. आणि गावात एक पक्के स्ट्रेचर, पट्ट्यांसह. आज तेही नसल्याने घोंगडी आणि दोन बांबूंची झोळी करावी लागते.

निवडणुकीचा अनुभव इथे आठवण्यासारखा आहे. २०२४च्या लोकसभेला ४० टक्क्यांवरच्या अपंग मतदारांना अर्ज भरून घरबसल्या मतदान करण्याची सोय होती. त्यासाठी कर्मचारी मतपत्रिका घेऊन घरी जातात. मतासाठी सरकार उंबऱ्यापर्यंत जाऊ शकते, तर दाखल्यासाठी वर्षातून एकदा का येऊ नये? पुढच्या ग्रामसभेत हा प्रश्न विचारून ठरावाच्या वहीत लिहून घ्यायला कोणाचीच परवानगी लागत नाही, वनखात्याचीसुद्धा नाही.